खंडेनवमीचं ड्रॉइंग

प्रिय नाना,

काल तुमच्या दहाव्याला कारखान्यातले फिटर यशवंतभाऊ आले होते. जाता जाता म्हणाले, "कॉम्प्युटरवर तुझं ड्रॉइंग निघालं तर नानाचं ड्रॉइंगचं टेबल उचलणार, हे शेठ त्याला खंडेनवमीच्या पूजेआधीच बोलले होते." तुम्हाला माहीत होतं?

माझ्या नोकरीचं तर सगळ्यांनाच माहीत होतं. ड्रॉइंग निघालं नाही की यंत्र परत आणि मी घरी! जळगावात तेव्हा कॉम्प्युटरवर रेघ उमटते हेच कुणाला खरं वाटत नव्हतं. मी धुळ्याहून ते शिकून आले, आणि शेठनी तुमच्याच खोलीत, बापाशेजारी लेकीला बसवलं.

खंडेनवमीला सकाळी तुम्ही टी-स्क्वेअर, कंपास, सगळ्यांना हळद-कुंकू वाहिलंत आणि माझ्या फ्लॉपीलाही! तेही नेमकं मधल्या उघड्या फटीत. ओलं कुंकू आतल्या चकतीला लागलं. पाइपच्या जोडाचं अख्खं ड्रॉइंग तिच्यावरच होतं, दुसरी प्रत नव्हती. शेठ संध्याकाळी येणार होते. मी रडायलाच बसले.

पुजलेलं हत्यार दसऱ्यापर्यंत उचलायचं नाही, हा तुमचा नेम. त्यावरून तुम्ही शेठशीही भांडला होतात. त्या दिवशी मात्र तुम्हीच पडद्यावरचा हार काढलात, हाताने काढलेला तुमचा जुना कागद पसरलात आणि शेजारी खुर्ची ओढलीत.

"रडू नको, बेटा. मी आकडा सांगस, तू घाल."

पंखा जरा मंदावला की मी वर बघायचे. लाइट गेली असती तर संपलंच होतं. आणि तुम्ही? मी टाइप केलेला प्रत्येक आकडा पडद्यावर बघून पुन्हा वाचायचात. मला वैताग यायचा, किती वेळ लावतात!

शेठ आले. मुद्दामच जोडाचं माप बदलायला सांगितलं. मी चार कळा दाबल्या आणि प्लॉटरचं पेन नव्या मापाने कागदावर सरसर फिरलं. हाताने काढायचं तर तुम्हाला सगळं पहिल्यापासून काढावं लागलं असतं. दिवाळीनंतर तुम्हाला स्टोअरमध्ये पाठवलं. घरी म्हणायचात, "बसानं काम शे, बरं शे." बसून करायचं काम, बरंच आहे, असं मीही धरून चालले.

एक आकडा चुकीचा सांगितला असतात तर मला कळलंही नसतं हो! का नाही सांगितलात चुकीचा? निदान नंतर तरी टेबलाचं बोलायचं होतं माझ्याशी. राग येतो तुमचा, नाना.

ते माझं पहिलं ड्रॉइंग म्हणून मी आजवर मिरवलं. यापुढे कुणी विचारलं, तर तुमचं शेवटचं म्हणून सांगेन.

तुमची,
शोभा