वुकोसावच्या हातातली ज्योत

सालोनिका, २ फेब्रुवारी १९१६

ती. राडोयेदादास,
स्तामेनाचा सा. न. वि. वि.

कॉर्फू बेटावर पोहोचलेल्या आपल्या सर्बियन सैनिकांच्या यादीत तुझं नाव वाचलं आणि इस्पितळाच्या धुणीघरात मी ओल्या हातांनी फतकल मारून बसले. बायकांनी विचारलं, भाऊ गेला का? म्हटलं, छे, एवढं शहाणपण त्याला कुठलं.

पण यादीत वुकोसाव नाही. तुमच्या तोफखान्यातला एक जण म्हणाला, धाकटा डोंगरातच गेला. पुढे विचारलं तर टोपी उचलून चालता झाला. दादा, आपल्या घरात हातात पेटती मेणबत्ती असल्याशिवाय आजवर कुणी मेलं नाही. त्याला अंधारात जावं लागलं का, एवढंच सांग. रेडक्रॉसमार्फत आईला कार्ड जातं. ती आधी तेच विचारील.

माया पातळ होऊ देऊ नकोस आणि पाय कोरडे ठेव.

तुझी,
स्तामेना

कॉर्फू, २० फेब्रुवारी

चि. स्तामेनास अनेक आशीर्वाद.

खरं लिहितो. वाचून हवं तर माझं नाव टाक.

काचानिकची खिंड फोडून आम्ही दक्षिणेला, तुमच्या सालोनिकाकडेच येणार होतो. बल्गेरियन तोफांनी आमच्या सहा जणांच्या अशा चिंधड्या केल्या, की कुणाचा पाय कुणाचा ते कळेना. वुकोसावच्या मांडीत तुकडा घुसला. खिंड काही फुटली नाही, मागे फिरलो. पेच गावात हुकूम आला, तोफा दरीत लोटा. पुढची वाट चिंचोळी, म्हणून गाड्या मधोमध कापल्या. मागच्या अर्ध्या गाडीत वुकोसाव, ओढायला आपला शारोन्या बैल. घाटात बैल बर्फावर कोसळला. त्याचा जीव जायच्या आत भुकेल्या माणसांनी त्याला फाडला. मीही खाल्लं.

संध्याकाळी तापाने फणफणलेला वुकोसाव माझ्या मांडीवर थंड पडू लागला, ओठ निळे, डोळे पांढरे. मला वाटलं, संपलं. समोरच्या कड्यावर शत्रू होता, काडी ओढायलाही बंदी. पण मेणबत्तीशिवाय त्याला कसा जाऊ देऊ? डब्याच्या झाकणात शारोन्याची चरबी घेतली, सदऱ्याच्या दोऱ्याची वात केली, पेटवली आणि त्याच्या हातात दिली. त्याने डोळे उघडले, ज्योत पाहिली आणि हसला. म्हणाला, "दादा, मी एवढ्यात मरत नाही रे. भूक लागलीय."

पहिली गोळी त्याच्या तोंडात घुसली. दुसरीने शेजारच्या मिलुतिनचा गळा फाडला. मग मी वात विझवली.

त्याच्या अंगाला घाम फुटला होता, स्तामेना. ताप उतरत होता. तो अंधारात गेला नाही. मी त्याला मारलं.

तुझा अभागी,
राडोये

सालोनिका, ९ मार्च

ती. दादास,
सा. न.

दोन दिवस तुला शिव्या घातल्या. रक्ताळलेल्या पट्ट्या आपटत, मोठ्याने. धुणीघरातल्या सगळ्यांनी ऐकल्या.

मग वाटलं, तू वात लावली नसतीस आणि तो तापातच गेला असता, तर मी तुला जन्मभर माफ केलं नसतं. तुझ्या जागी मी असते तर मीही लावली असती. मिलुतिनच्या आईला काय सांगायचं ते मात्र मला सुचत नाही.

आपल्या आईला काल कार्ड धाडलं. लिहिलं, वुकोसाव दादाच्या मांडीवर गेला, हातात ज्योत होती, तोंडावर हसू होतं. यात एक शब्द खोटा नाही. घरी गेलास की तूही तेवढंच सांग.

आता तू एकटाच उरलास, जपून राहा.

तुझी,
स्तामेना