दहा उड्या

प्रिय लंबू,

अक्षर ओळखलं असशीलच. चिडल्यावर ते उजवीकडे कलतं, असं तू म्हणायचीस. तर कललंय. एकोणीस वर्षांत तुझी चार पत्रं आली, मी एकाचंही उत्तर दिलं नाही, आणि आता लिहितेय तेही ख्यालीखुशाली विचारायला नाही. तू राष्ट्रीय फुटबॉल संघाची प्रशिक्षक झाल्याचं पेपरात वाचलं. फोटोत खुर्चीवर पायावर पाय टाकून बसली आहेस. मला तसं बसता येत नाही.

माझं म्हणशील तर खेळाडू म्हणून मिळालेली नोकरी चालू आहे. ऑफिस तिसऱ्या मजल्यावर. चढताना ठीक, उतरताना कठडा धरून खेकड्यासारखी आडवी उतरते. नवीन लागलेल्या मुली घाईत असतात, मी बाजूला होते. त्यांतल्या एकीला कुणीतरी सांगितलं, ही देशाकडून एकेचाळीस सामने खेळलीय, तर तिने विचारलं, कॅरम का? तसं खेळत होते तेव्हा तरी मी कुणाला दिसत होते? मधल्या फळीतल्या बाईचं काम म्हणजे मागून चेंडू घ्यायचा, दोघीतिघींच्या लाथा खायच्या आणि तो नेऊन तुझ्या पायाशी द्यायचा. गोल तुझा, हार तुझ्या गळ्यात, मुका मार माझ्या पोटऱ्यांना. त्याचं मला कधी वाईट वाटलं नाही, हे मात्र खरं. तू धावायला लागलीस की चेंडू कुठे टाकायचा ते माझ्या पायालाच कळायचं.

डॉक्टरांची ती तपासणी आठवते? सामन्याच्या सकाळी एका खोलीतल्या दोघींनी मिळून आत जायचं. एकीने आधी डाव्या, मग उजव्या पायावर दहा-दहा उड्या मारायच्या, दुसरीने मोठ्याने मोजायच्या, आणि डॉक्टर मान खाली घालून कागद भरणार. त्यांचा आपल्यावर विश्वास होता की त्यांना कंटाळा होता, देव जाणे. उपांत्य सामन्याच्या सकाळी माझा उजवा गुडघा नारळाएवढा सुजला होता. मी दोन्ही वेळा डाव्याच पायावर उड्या मारल्या, आणि तू खणखणीत आवाजात दोन्ही वेळा दहा मोजलेस. शपथ मीच घातली होती, कुणाला बोललीस तर माझं मेलेलं तोंड बघशील म्हणून. तू तोंडात मिठाची गुळणी धरलीस. साठाव्या मिनिटाला गुडघ्यात काडकन आवाज झाला आणि मी स्ट्रेचरवरून बाहेर गेले, ती कायमची. अंतिम सामन्यात तू दोन गोल केलेस. मी ते हॉस्पिटलातल्या टीव्हीवर पाहिले, आवाज बंद करून.

चोराच्या उलट्या बोंबा म्हणशील. म्हण. उड्या मी मारल्या, शपथ मी घातली, आणि दोष तुला देतेय. पण मी तेव्हा सव्वीस वर्षांची वेडी होते, लंबू, आणि आपल्या दोघींत शहाणी तू होतीस. मैत्रीण होतीस तर शपथ मोडायची होतीस. मी जन्मभर तुझा राग केला असता, तो आताही करतेच आहे, पण निदान धड दोन पायांवर उभी राहून केला असता. तुला चेंडू पोचवणारी हवी होती म्हणून तू गप्प बसलीस, असं मला वाटत आलंय. तसं नसेलही. विचारायचं धाडस मला कधी झालं नाही.

माझी मुलगी सोमवारी तुझ्या शिबिरात येतेय. सतरा वर्षांची आहे, मी शंभरदा नको म्हटलं तरी मधल्या फळीतच खेळते. आडनाव वडिलांचं लावते, म्हणून तुझ्या लक्षात आलं नसेल; तिचा फोटो सोबत ठेवलाय. गेल्या आठवड्यात ती न्हाणीघरात गुडघ्यावर बर्फ धरून बसलेली दिसली. उजव्याच. तिने मला शपथ घातली, तीच. मी मान डोलावली, तिच्या बॅगेत मोजे भरले, आणि आता हे लिहितेय. कळल्यावर ती माझ्याशी बोलणार नाही, कदाचित एकोणीस वर्षं. चालेल. तू तिला घरी पाठव, पुढचं मी बघते. पण आधी तिला उजव्या पायावर दहा उड्या मारायला लाव. मोजायला दुसऱ्या कुणाला उभं करू नकोस. तू मोज, आणि या वेळी तरी पायाकडे बघून मोज.

तुझीच,
आठ नंबर