आत्याच्या कार्डावरचं ऑपरेशन

ती. आत्यास,

तुझ्या सगळ्यांत धाकट्या आणि आजवर सगळ्यांत महाग पडलेल्या भाच्याचा साष्टांग नमस्कार. (हा नमस्कार नुसता लिहिण्यापुरता नाही. पाट्यांच्या कारखान्यात मागच्या खोलीत रंगाचे डबे बाजूला सारून मी खरोखर पालथा पडलो होतो. शर्टाला पुढून निळा रंग लागलाय, तो आता जाणार नाही.) तुझा गुडघा कसा आहे? डॉक्टरांनी नको सांगितलेलं असताना तू गच्चीवर कपडे वाळत घालायला जातेस हे मला इथे बसून कळतं. जाऊ नकोस. माझी तब्येत उत्तम आहे, आणि हे मी नेहमीसारखं उगाच लिहीत नाहीये, कारण पुढचं सगळं तिथूनच सुरू होतं.

तर सर्वांत आधी एक खुलासा. माझं कसलंही ऑपरेशन झालेलं नाही. अपेंडिक्स जागच्या जागी आहे, हाडं सगळी आपापल्या ठिकाणी आहेत, आणि तुझ्यापासून लपवावं असं माझ्या अंगावर काहीही शिवलेलं नाही. कार्डाचं स्टेटमेंट आल्यावर त्यात कुणाच्या तरी आडनावाची आद्याक्षरं आणि पुढे 'सर्जिकल्स' असं वाचून तू मला जो निरोप पाठवलास, तो मी अजून पुसलेला नाही. 'हा खर्च कसला, खरं सांग, टाके कुठे पडलेत, मी येते.' आत्या, दुसरं कुणीही असतं तर आधी पैशाचं विचारलं असतं. मी कॉलेज अर्ध्यावर सोडलं तेव्हा बाबा जे बोलायचे थांबले ते अजून थांबलेलेच आहेत, आणि तू काय केलंस, तर स्वतःच्या कार्डावर माझ्या नावाचं दुसरं कार्ड काढून पाकिटातून पाठवलंस, वर चिठ्ठी, 'जेवणात काटकसर करू नकोस.' त्या कार्डावर अनोळखी खर्च आला तरी तुला पहिली काळजी माझ्या पोटाची. हे वाचून माझ्या डोळ्यांत पाणी आलं. पाणी ओसरल्यावर मात्र डोकं फिरलं.

तुला माझं डोकं माहीत आहे. मी त्या सर्जिकल्सवाल्यांचं नावही कधी ऐकलं नव्हतं. कुणीतरी हरामखोर माझ्या आत्याच्या कार्डावर ऑपरेशनची हत्यारं विकत घेतो म्हणजे काय? मी तुला लगेच कळवलं की हा खर्च माझा नाही, शपथेवर सांगतो, आत्ताच्या आत्ता बँकेत तक्रार कर. तू एक शब्द न विचारता केलीस. फॉर्मवर सही करून दिलीस की हा खर्च तुझाही नाही आणि तुझ्या भाच्याचाही नाही. बँकेने कार्ड बंद केलं, पैसे तात्पुरते तुझ्या खात्यात परत टाकले. एवढ्यावर मी गप्प बसायचं, तर मी बँकेच्या मदतकेंद्रात स्वतः फोन लावला आणि तिथल्या बाईंना सुनावलं की चोर सापडल्यावर आधी माझ्या ताब्यात द्या. बाई शांतपणे 'हो सर' म्हणाल्या आणि मला संगीत ऐकायला लावलं. ते संगीत इतका वेळ चाललं की मी फोन भिंतीवर फेकला. (म्हणून हे पत्र. फोन बोलतो, पण फक्त समोरच्याचं; माझं त्याला ऐकू जात नाही.) त्या बाईंचेही मी आज मनापासून आभार मानतो. त्यांनी मला चोर दिला असता तर मी काय केलं असतं, याचा विचार करून आता अंगावर काटा येतो.

इथे मला थोडं मागे जावं लागेल, आणि तू हसणार नसशील तर सांगतो. आमच्या कारखान्याने मागे एका चष्म्याच्या दुकानाची पाटी बदलली. जुनी पाटी मी स्वतः उतरवली आणि नवी, निळ्या अक्षरांची, मीच चढवली. त्या दुकानात काउंटरवर एक मुलगी बसते. (यापुढे पत्रात 'ती' आलं की ती हीच.) मी वर चढलो तेव्हा शिडी तिने धरली होती. आत्या, मला अनेकांनी अनेकदा खाली ओढलंय, पण मी पडू नये म्हणून कुणी शिडी धरून उभं राहिलं, असं तुझ्यानंतर पहिल्यांदाच झालं. पाटी वाकडी बसली. दुसऱ्या दिवशी सरळ करायला गेलो, तिसऱ्या दिवशी पुन्हा थोडी वाकडी करायला. मग पाटीत काही उरलं नाही, तेव्हा डोळे तपासायला गेलो. डोळे चांगले निघाले. तरी चष्मा घेतला, साध्या काचांचा, धुळीसाठी म्हणून, आणि तुझ्या कार्डाने पैसे दिले. हे मी तुला कळवणारच होतो. स्टेटमेंटमध्ये चष्म्याच्या दुकानाचं नाव दिसलं की आपोआप विषय निघेल, असा माझा बेत होता.

आणि स्टेटमेंट आलं, त्यात चष्म्याच्या दुकानाचं नावच नाही. तू पाठवलेला फोटो मी मोठा करून करून पाहिला. सर्जिकल्सवाला चोर आहे, चष्मा नाही. याचा दुसऱ्या कुणी काय अर्थ लावला असता ते मला माहीत नाही. मी असा लावला, की तिने माझ्याकडून पैसे घेतलेच नाहीत. कार्ड मशीनला नुसतं लावल्यासारखं केलं, माझं मन राखायला पावतीवर सही घेतली, आणि स्वतःच्या पगारातून परस्पर भरून टाकले, बोलली नाही. आत्या, मी दोन दिवस जमिनीवर चालत नव्हतो. (चष्म्याची आणि चोराची रक्कम अगदी सारखी होती हे माझ्या नजरेतून सुटलं नव्हतं, मी इतका मूर्ख नाही. पण जगात एका किमतीच्या दोन वस्तू असू शकतात असं मी स्वतःला समजावलं, आणि चोराने नेमका तोच आकडा निवडला यात मला त्याचा जास्तच नीचपणा दिसला.)

परवा मी तिचे आभार मानायला गेलो. चष्मा पुसून, केस विंचरून. ती काउंटरवर पावत्यांचा ढीग ओतून बसली होती आणि तोंड असं, की मी आभार गिळले. काय झालं विचारलं. म्हणाली, "एक गिऱ्हाईक माल घेऊन गेलं आणि आता बँकेत सांगतंय की मी घेतलाच नाही." शुक्रवारच्या आत त्याची सही असलेली पावती बँकेला दाखवली नाही तर पैसे जाणार, आणि मालक ते हिच्या पगारातून कापणार, कारण पावत्या सांभाळायचं काम हिचं. हिच्या पगारावर हिच्या धाकट्या बहिणीची फी चालते, हे मला तेव्हा कळलं. मग माझं काय झालं असेल ते तूच ओळख. मी बाह्या सरसावल्या. त्या माणसाचं नाव पत्ता मागितला. बँकेने कार्डाचे शेवटचे चार आकडे दिलेत, म्हणाली, बाकी काही नाही. मी म्हटलं, चार आकडे पुरे आहेत, असल्या माणसाला भर रस्त्यात उलटा टांगला पाहिजे, ज्यांनी त्याला वाढवलं त्यांनाही विचारलं पाहिजे. (माफ कर. तेव्हा मला माहीत नव्हतं की ती तू.) आणि तिच्यासमोर बसून मीही पावत्या शोधायला लागलो.

पावती मलाच सापडली. चार आकडे जुळत होते. खाली सही होती, आणि त्या सहीला शेवटी एक वेलांटी काढून तिचं फूल केलेलं होतं, जे मी फक्त एकदाच केलंय. वर दुकानाचं नाव नव्हतं. होती ती आद्याक्षरं, आणि पुढे 'सर्जिकल्स'. तिच्या मालकांच्या वडिलांचं सर्जिकल सामानाचं दुकान होतं, चष्मे नंतर आले, पाटी बदलली, पण बँकेतलं नाव कुणी बदललं नाही. मी पावती लगेच तिच्यापुढे केली. तिने ती वाचली, मला वाचलं, पुन्हा ती वाचली.

"तुम्ही?"

"मी."

"डोळ्यांत काही दोष नाही हे मी त्या दिवशीच सांगितलं होतं," ती म्हणाली. "दोष कुठे आहे ते आज कळलं."

मी संध्याकाळी कारखान्यात येऊन आमच्या मालकांना सगळं सांगितलं. त्यांनी, मी महिनाभर ज्या पत्र्यावर रंग कालवतोय तो उचलून उलटा केला. तीच जुनी पाटी. हातभर उंचीची अक्षरं, 'सर्जिकल्स'. मी स्वतःच्या हाताने उतरवलेली. पण उतरवताना मी खाली पाहत होतो ना.

तरीही आत्या, मी तुला सांगतो, मी आज जितका सुखी आणि जितका ऋणी आहे तितका कधीच नव्हतो. तुझा ऋणी, कारण माझ्या एका शब्दावर तू बँकेला सही करून दिलीस. तो शब्द खोटा निघाला हा माझा भाग, पण विश्वास तुझा होता आणि तो अस्सल होता. तिचाही ऋणी, कारण तिने मला दुकानाबाहेर काढलं, पण दार हळू लावलं. बाकी सगळं क्षेम. गुडघ्याला शेक घे.

तुझाच,
आगलाव्या

ता. क. – पत्र लिहिण्याचं कारण राहूनच गेलं. तक्रार मागे घ्यायला मी पुन्हा मदतकेंद्रात गयावया केली (मालकांच्या फोनवरून, बाई त्याच होत्या, त्यांनी मला ओळखलं). त्या म्हणाल्या, तक्रार मूळ कार्डधारकाची, मागेही त्यांनीच घ्यायची. म्हणजे तू. शुक्रवारच्या आत. कारण विचारतील तेव्हा 'खर्च भाच्याचाच निघाला' असं सांगायचं. भाचा कसा आहे हे त्या विचारणार नाहीत. चष्म्याचे पैसे माझ्या पुढच्या पगारातून तुला येतील, हे नक्की.

ता. क. २ – हे पत्र मालकांच्या गाडीचा ड्रायव्हर आणून देईल, तो तुमच्या बाजूला पाटी बसवायला येतोय. पाठवण्याआधी पत्र तिला दाखवायचं, अशी तिची अट आहे. तिच्याबद्दलचा एक परिच्छेद मी खोडलाय. उजेडात धरून वाचू नकोस. बाबांना यातलं काही सांगू नकोस. सांगायचंच झालं तर ऑपरेशन झालं म्हणून सांग.

ता. क. ३ – आत्या, नमस्कार. मी चष्म्याच्या दुकानातली. पत्र वाचलं, खोडलेलंही. 'पावती लगेच पुढे केली' हे खरं नाही. आधी ती खिशात घातली होती. मी पाहत होते. मग यांनी उरलेल्या पावत्या चाळत राहिल्यासारखं केलं, आणि शेवटी काढून दिली. ती पावती आता माझ्याकडे आहे, बँकेला पाठवली तर तुम्ही सही करून खोटं लिहून दिलं असं होईल, म्हणून पाठवलेली नाही. तुम्ही बँकेला फोन केलात तर ती लागणार नाही आणि माझा पगारही पूर्ण येईल. मीही यांच्या शब्दावर थांबले आहे. शब्द कसा आहे ते तुम्हाला ठाऊक आहे, तेव्हा खरं म्हणजे तुमच्यावर थांबले आहे.

ता. क. ४ – वरचं अक्षर तिचं. फोन झाला की हे पत्र त्याच ड्रायव्हरच्या हाती परत पाठव. सगळं परत द्यायचं नसेल तर निदान तिच्या अक्षराचा तेवढा तुकडा, कडा सोडून कापलेला.