सरदारचे नाल

१ मार्च २०२५, शनिवार
टांग्याला आजही सवारी नाही. सरदारच्या पायांना मात्र गिऱ्हाईक आलं! एक टेम्पोवाला – टेम्पो नवाकोरा, हातात पेढ्यांचा पुडा. ‘काळ्या घोड्याचा झिजलेला नाल द्या तात्या, बंपरला बांधायचाय. लई गुण असतोय.’ याच लोकांनी माझ्या सवाऱ्या पळवल्या. दिला. पेढा बरा होता.

४ मार्च
शिंगणापूरच्या रस्त्याला कानिफनाथचं दुकान आहे, नाल विकतो. म्हणाला, ‘जेवढे आणाल तेवढे घेतो. शनी अमावस्या आलीय.’ म्हणजे पोरगा म्हणतो तसं सरदारला विकायचं कारण उरलं नाही! अंगदला सांगितलं. पोरगा रिक्षा पुसत होता, पुसतच राहिला.

८ मार्च
घोडा चालल्याशिवाय नाल झिजत नाही. म्हणून टांगा रिकामाच श्रीरामपूरला नेतो, रिकामाच आणतो. रिक्षावाले विचारतात, ‘काय आनलं तात्या?’ काय सांगू – घोडा झिजवून आणला?

११ मार्च
कानिफनाथ म्हणतो, ‘नवेच घ्या, कानशीनं घासा. कोन बघतंय?’ देवाच्या दारात लबाडी! लोक भरवशानं बांधतात. चहा न घेता उठलो.

१७ मार्च
सरदार पुढचा डावा पाय टेकत नाही. पीरमहंमद नालबंदाला बोलावलं. खूर हातात घेऊन म्हणाला – ‘डांबरीवर बास झालं तात्या. आता पळवला तर कायमचा लंगडा हुईल.’ चारही नाल काढले. सरदारच्या मानेआड तोंड लपवून रडलो.

१८ मार्च
अंगदशी वाजलं. ‘घोडेगावच्या बाजारात नेऊ. बसून खानारा घोडा कोन पोसनार?’
‘मी पण बसूनच खातो,’ म्हटलं. पोरगा ताटावरून उठला.

२२ मार्च
अबोला. अंगदनं पीरमहंमदकडून पिशवीभर नवे नाल आणलेत. कशाला, सांगत नाही. घोड्याला तर नाहीत!

२३ मार्च
सकाळी रस्त्यावर खणखण. वाटलं सरदार सुटला – त्याला नाल नाहीत हेही विसरून अनवाणी पळालो. आणि तो तर कडुनिंबाखाली घास खात उभा! पुढं बघतो तर अंगदची रिक्षा. मागं तारेला बांधलेले नाल, डांबरीवर फरफटत चाललेले. मला बघून मान खाली घातली, पण थांबला नाही. रागवायचं ठरवून घरी आलो.

२४ मार्च
अंगदला एवढंच म्हणालो – वळणाला हळू घे, एकाच कडेनं झिजतायत.