कोरे रकाने

३ मार्च, सोमवार

हिरवा. सगळीकडे हिरवा! साहेबांचं म्हणणं, पक्का खडक नकाशात हिरवाच दाखवायचा, बघणाऱ्याला बरं वाटतं. डबक्यावर साचतो तो हिरवा. दिवसभर तोच डोळ्यांसमोर. डबा उघडला, तसाच बंद केला.

साहेबांना या वहीत गुळगुळीतच म्हणणार. कोणताही नकाशा दाखवा, वाक्य एकच – ‘जरा गुळगुळीत करा.’ बोलताना बोट संगणकाच्या पडद्यावर टेकवतो. बोट कधी कोरडं नसतं. तो गेला की मी पडदा पुसते.

काम रुग्णालयाचं. चार मजली इमारत. जागेवर बावीस भोकं पाडली, तीस-तीस मीटर खोल. किती खोलीवर कोणता दगड लागला, त्याच्या नोंदी संगणकात जातात. भोकांमधली जागा संगणक स्वतःच्या अंदाजाने भरतो. जमिनीच्या पोटाचं चित्र तयार! चौदा तारखेला अहवालावर माझी सही. त्यावरून पाया ठरणार.

४ मार्च

ताईचा फोन. घराचं दार पुन्हा अडकतंय. भावजींनी तिसऱ्यांदा रंधा मारला.

‘तुझा दगड पक्का, आणि माझं दार लागेना! आणखी दोनदा तासलं की नुसता पडदा लावायचा.’

लाकूड फुगलं असेल, म्हटलं.

‘या हवेत? इथे ओठ फुटतायत, आणि लाकूड फुगतंय होय गं?’

हसत होती. ते घर तिने माझ्या शब्दावर घेतलं. त्या वसाहतीखालच्या जमिनीचा नकाशा माझाच. चार वर्षं झाली. येणाऱ्या-जाणाऱ्याला अजून सांगते, आमच्या धाकटीने जमिनीच्या आतून बघून दिलंय.

६ मार्च

शेडमध्ये गेले. नमुन्यांच्या पेट्या मोजायच्या होत्या. लाकडी पेट्या, त्यात भोकातून निघालेल्या दगडाच्या कांड्या, ओळीने. नवव्या भोकाच्या पेटीत मध्येच एक लाकडी ठोकळा. त्यावर खडूने – १४.० ते १६.२. त्या दोन मीटरचा दगडच नाही. कागदी नोंद काढली. तोही रकाना कोरा.

वर येऊन पडद्यावर पाहिलं. नववं भोक, चौदा ते सोळा मीटर – हिरवा!

मग सगळी बावीस तपासली. पाच भोकांत कोरे रकाने. पाचही ठिकाणी हिरवा. संगणक ज्या नियमांनी हे चित्र मांडतो, त्यांत एक ओळ सापडली: रकाना कोरा असल्यास वरचाच खडक खालीही समजावा.

समजावा! कोणत्या आळशाने लिहिलं हे? तोंड धुवून आले, तरी कडू चव गेली नाही.

७ मार्च

जागेवर गेले. भोकं पाडणारा ड्रिलर यंत्राला टेकून तंबाखू चोळत होता.

‘नऊ नंबरला चौदा मीटरवर काय लागलं?’

‘काय नाय लागलं.’

‘म्हणजे?’

‘बाई, दांडा आपल्या आपण खाली गेला. दोन मीटर. मी काय दाबला नाय. वरून पाणी सोडतो ना आपण, तेही परत येईना. गेलं ते गेलंच.’

‘मग कागदावर लिहिलं का नाहीत?’

माझ्याकडे बघत राहिला. माझीच कीव आल्यासारखा.

‘काही नव्हतंच, तर लिहू काय? सोडलं कोरं.’

चुनखडीचा दगड. पाणी तो आतून खातं. खाली पोकळी आहे. या माणसाने ती खरीखुरी लिहिली होती – कोरी ठेवून. आम्ही शिकलेल्यांनी ती दगडाने भरली!

९ मार्च, रविवार

हात धुतले. पुन्हा धुतले. हिरवा नखांत बसलाय असं वाटतं.

१० मार्च

गुळगुळीतच्या खोलीत गेले. कागद पुढे ठेवले. जीभ लावलेल्या बोटाने त्याने ते उलटले.

‘बावीसपैकी पाच. म्हणजे सतरा ठिकाणी पक्का आहे की नाही?’

‘रुग्ण सतराच ठिकाणी झोपवणार का?’

‘अहो, रागावता काय! तुम्ही सही करा. पायाचं पायावाले बघतील.’

‘पायावाले आपला अहवाल बघतील.’

‘बघू दे की. चांगला दिसतोय.’ बोट टेकलंच पडद्यावर. हिरव्यावरून गोल फिरवलं. ‘हाच नियम चार वर्षं वापरतोय आपण. कुठे काही पडलंय?’

कागद उचलले. त्याची थुंकी लागलेला कोपरा दुमडून घेतला. बाहेर येऊन तो कोपरा फाडून टाकला.

११ मार्च

नियम काढला. कोरं ते कोरंच ठेवलं. पुन्हा मांडणी चालवली. तासभर लागला.

हिरवा फाटला. पाच पोकळ्या एकमेकींना जोडल्या गेल्या. एक वाकडी, काळी नळी, उत्तरेकडून दक्षिणेकडे. बरोबर लिफ्ट येणार त्या जागेखालून. आठवडाभरात पहिल्यांदा काहीतरी स्वच्छ पाहिलं.

ताईचा फोन येऊन गेला. घेतला नाही. दाराचंच असेल.

१२ मार्च

सही करत नाही, असं लिहून दिलं. गुळगुळीत म्हणाला, ‘विचार करा. घाईत घेतलेले निर्णय पुढे नडतात.’ म्हटलं, घाई मी केलेलीच नाही, ती ज्याने हा नियम घातला त्याने केली. गुळगुळीत नुसता हसला. ओलं हसू!

रुग्णालयाला थेट पत्र लिहायला घेतलंय. पोकळी कुठे, किती, कशी लपली – सगळं. आणि नियम कोणी घातला त्याचं नावही. अशा माणसाच्या हातात मोजपट्टीसुद्धा देऊ नये. चार वर्षं लोक त्याच्या आळसावर घरं बांधतायत आणि तो कुठेतरी निवांत जेवत असेल. उद्या जुनी फाइल उघडून नाव काढते. नाव घातल्याशिवाय पत्र जाणार नाही.

१३ मार्च

फाइल उघडली. नाव माझं.

शेजारी टीपही माझी – तात्पुरतं, नंतर बघणे. आठवलं. कोऱ्या रकान्यांवर मांडणी अडत होती आणि मला पाचला निघायचं होतं.

नियम पहिल्यांदा चालला तो ताईच्या वसाहतीवर. जुन्या नोंदी काढल्या. आठ कोरे रकाने. तीन तिच्या इमारतीखाली.

फोन लावला. म्हणाली, आत्ताच बंद केलंय बघ, दोघांनी ढकलून, हे रंधा शोधतायत.

म्हटलं, ताई, दार उघड. उघडंच राहू दे. दोघं आहात तसे खाली या.