टिकलीवरचं बोट

मंगळवार, संध्याकाळ. अंबरनाथ.

विजूच्या नव्या मालिकेचा पहिला भाग बघायचा नाही असं ठरवलं होतं. ह्यांनी टीव्ही लावलाच. यावेळी ती नर्सची आई झालीये. याआधी हवालदारीण, कोळीण, खाष्ट सासू, एका सिनेमात सरपंचबाईसुद्धा. बाई कशातही चपखल बसते.

मालिकेत बेल वाजली आणि दार उघडायच्या आधी विजूने मधल्या बोटाने टिकली चाचपली. हे हसत म्हणाले, "अगं, ही तर तूच."

माझीच सवय ती. आम्ही दोघी होतो त्या फॅक्टरीच्या नाट्यस्पर्धेत मी नायिका होते आणि विजू माझी सासू, माझ्याहून दोन वर्षांनी लहान असून. ऐन रडण्याच्या प्रवेशात माझी टिकली गळून नाकावर आली, अख्खा हॉल हसला. तेव्हापासून कुठलंही दार उघडायचं म्हटलं की बोट आधी कपाळावर जातं.

गेल्या महिन्यात विजू घरी आली होती. तासभर स्वयंपाकघरात स्टुलावर बसून नुसती माझ्याकडे बघत होती. मला वाटलं, जुनी माया. थालीपीठं करून घातली तिला.

चिडण्यासारखं काय आहे? सवय काय माझ्या नावावर आहे? पण त्या एका बोटात तिने केवढी भीती आणली. ती माझ्यात आहे हे मलाच माहीत नव्हतं.

मघाशी शेजारच्या वहिनी विरजण मागायला आल्या. बेल वाजली, माझं बोट टिकलीवर गेलं आणि तिथेच थांबलं. तिच्यासारखं जमलं नव्हतं.