निकानोरचा उजवा खांदा

तुसपान, मेक्सिको
९ सप्टेंबर १९७८

प्रिय ताई,

आधी आशीर्वाद दे, मग पुढचं वाच.

मी बरा आहे. तुझा गुडघा फार छळत नसेल आणि आपल्या बानीच्या हमरस्त्यावर तुझ्या दुधाच्या वड्या दुपारच्या आत संपत असतील, असं धरून चालतो. इथे उकाडा असह्य आहे. नदी फुगलीय, गावात डास झालेत. मुक्कामाच्या मालकिणीने परवा मासे केले होते. चवीला बरे, पण तुझ्या हातची सर नाही.

आम्ही हरलो हे रेडिओवर बेसबॉलच्या बातम्यांत कळलंच असेल. शेवटच्या सामन्यात, शेवटच्या डावात हरलो. मी उतरलो नाही. ऐन वेळी उजव्या खांद्यात अशी कळ आली की हात वर जाईना. आमचे मॅनेजर डॉन अब्राम म्हणाले, "राहू दे, बस तू," आणि माझ्या जागी हेरोनिमो उकानला धाडलं. युकातानकडचा, आडदांड आणि हसरा गडी. त्याला काही जमलं नाही. खेळ म्हटला की असं व्हायचंच.

डॉक्टरने विश्रांती घ्यायला सांगितलंय. एवढ्यात घरी येत नाही. कुणी विचारलं तर खांदा दुखतोय म्हण, जास्त खोलात शिरू नकोस.

तुझा,
निको

* * *

ओश्कुत्स्काब, युकातान
१९ नोव्हेंबर १९७८

प्रिय ताई,

या वेळी आशीर्वाद मागत नाही. पत्र संपल्यावर द्यावासा वाटला तर दे.

तुझं पार्सल तुसपानहून फिरत फिरत इथे पोचलं. तेलाची बाटली शाबूत होती. तुझं पत्र मी उभ्या उभ्या वाचलं आणि मग बाहेर जाऊन बसलो. तू लिहितेस, "निको, रोज रात्री चोळ, वर फडकं गरम करून बांध, आणि हट्टीपणा करू नकोस. गल्लीतल्या बायकांनी तुझ्या खांद्यासाठी नऊ दिवस जपमाळ धरली. न्हाव्याने दुकानात तुझा फोटो आहे त्याखाली मेणबत्ती लावलीय. मी देवीला बोललेय, खांदा बरा झाला की इगुएच्या देवळापर्यंत अनवाणी चालत येईन." तुझा तो गुडघा, ताई! आणि इगुए म्हणजे काय शेजारचं दुकान आहे?

मी इथे संत्री काढतो. शिडी लावायची, फळ देठाशी पिळायचं, पाठीवरच्या पोत्यात टाकायचं. पोतं भरलं की उजव्या खांद्यावर घेऊन गाडीपर्यंत न्यायचं. हो, उजव्याच. आता तुला कळलं असेल. तरी लिहितो, कारण तू स्वतःहून ते मानणार नाहीस. माझ्या खांद्याला काही झालेलं नाही. त्या दिवशीही झालं नव्हतं.

माझं काम काय ते तुला मी सांगायला नको. सतराव्या वर्षी तू मला विमानात बसवलंस तेव्हापासून मी हेच करत आलोय. सामना दुसऱ्याने सुरू करायचा, दुसऱ्याने बिघडवायचा, आणि शेवटी मी जाऊन चेंडू टाकून निस्तरायचा. अमेरिकेत बसमधून हिंडलो तेव्हाही हेच, वरच्या लीगमध्ये जो एक उन्हाळा मिळाला तेव्हाही हेच, आणि मेक्सिकोत तर लोकांनी मला 'बंब' असं नावच दिलं. आग लागली की बोलवा बंबाला. मला ते नाव आवडायचं. फार आवडायचं.

जुलैपासून माझी बोटं चेंडू सोडेनाशी झाली. हे कसं सांगू? दुखत नव्हतं. सूजही नव्हती. घास तोंडाशी न्यावा इतक्या सवयीने जे करत आलो, ते करताना एकदम वाटायचं, हे करतात तरी कसं? कधी चेंडू आधीच सुटायचा, कधी उशिरा. सामने एकतर्फी होते म्हणून झाकून गेलं. मी कुणाला बोललो नाही. सरावाला सगळ्यांच्या आधी जायचो, म्हणजे बघायला कुणी नसे. लोकांना वाटायचं, काय मेहनती माणूस आहे!

शेवटच्या सामन्याला रविवारची दुपार होती, मैदान तुडुंब भरलेलं. आमची एका धावेची आघाडी, शेवटचा डाव, आणि त्यांची माणसं तिन्ही बेसवर. कुंपणापलीकडे आमचं बाकडं असतं, तिथे मी हात गरम करत होतो. शेजारी हेरोनिमो उभा होता. मी टाकलेले चेंडू झेलणाऱ्याच्या डोक्यावरून चालले होते. बाहेर लोक ओरडत होते, "बंब! बंब!" आणि बाकड्याजवळचा, डॉन अब्राम बोलावतात तो फोन वाजला.

मी खांदा धरला. ठरवून नाही, ताई, पण धरला. तोंडातून शब्द गेले, "माझा खांदा गेला." इतक्या खऱ्यासारखे गेले की मलाच क्षणभर पटलं.

हेरोनिमोने आदल्या दिवशी दोन मोठे डाव टाकले होते. त्या दिवशी त्याने त्या थकल्या हातात चेंडू घ्यायलाच नको होता. डॉन अब्राम फोनवर घुटमळले ते मला ऐकू आलं. तेवढ्यात हेरोनिमोने अंगातलं जाकीट काढलंसुद्धा.

त्याचा दुसराच चेंडू होता. ओली फांदी मोडावी तसा आवाज झाला. कुंपणापर्यंत आला, म्हणजे विचार कर. चेंडू भलतीकडे गेला, त्यांची माणसं एकामागून एक धावा पुऱ्या करून गेली, आणि हेरोनिमो मातीत कोपर धरून बसला. त्याला आत नेताना आमचेच लोक ओरडत होते, "अरे जा, गावाकडे संत्री विक!"

आम्हा दोघांना एकाच खोलीत बसवलं. मला बर्फ, त्यालाही बर्फ. डॉक्टर आला तो आधी माझ्याकडे. मी नावाजलेला ना! माझा खांदा दाबून बघत राहिला, आणि मी दाबेल तिथे "आई गं" म्हणत राहिलो. समोर हेरोनिमो दातात टॉवेल धरून थांबला होता. डॉक्टर त्याच्याकडे वळला तेव्हा तो टॉवेल काढून काय म्हणाला माहीत आहे? "निको, तुझा फार दुखतोय का रे?"

कोपरातली शीर तुटली. आता त्या हाताने टाकणं संपलं असं म्हणतात. हे सगळं आधीच्या पत्रात मी 'जमलं नाही' या दोन शब्दांत गुंडाळलं होतं.

तो गावी निघाला तेव्हा मी त्याला बसवर पोचवायला गेलो. सामान वर ठेवलं, शेजारी बसलो आणि बस सुटली तरी उतरलो नाही. गावाबाहेर पडल्यावर सांगून टाकलं. खिडकीकडे बघत सांगितलं, त्याच्याकडे बघवेना.

तो म्हणाला, "मला माहीत होतं."

"काय माहीत होतं?"

"अरे, मी शेजारी उभा होतो की! तुझे चेंडू कुठे चालले होते ते आंधळ्यालाही दिसलं असतं. आणि चुकून डावा खांदा धरलास तू आधी. मग बदललास."

"मग बोलला का नाहीस, गाढवा?"

"मला जायचं होतं," तो म्हणाला. "तीन वर्षं त्या बाकड्यावर बसून तुझी पाठ बघतोय. मला वाटलं, बरं झालं म्हातारा घाबरला."

मग तो हसला, आणि हसता हसता रडला. मला त्याने मारलं असतं तर बरं झालं असतं. त्याने बाहीने डोळे पुसले. मग म्हणाला, "माफ वगैरे काही केलेलं नाही मी. पण बापाला या संत्र्यांच्या हंगामात मी हात देणार होतो. त्या कामाला तू चल."

डॉन अब्रामना मी इथल्या टपाल कचेरीतून फोन करून खरं सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "घाबरलो म्हणाला असतास तर शिवी दिली असती आणि दुसरं काही बघितलं असतं. त्याला पाठवला नसता. तू मला विचार करायला जागाच ठेवली नाहीस." पुढल्या हंगामात मी नाही. ते योग्यच आहे.

हेरोनिमोच्या आईला, डोन्या एर्मिलाला, मी पहिल्याच संध्याकाळी सांगितलं. ती मक्याच्या भाकरी थापत होती. तिचे हात थांबले, पुन्हा चालू झाले. "जेवून घे," म्हणाली, "उद्या शिडीवर चढायचंय." त्यानंतर आजपर्यंत माझ्याशी एक शब्द बोललेली नाही. पण ताट रोज वाढते. त्या ताटातलं मला गिळवत नाही, ताई, आणि टाकवतही नाही.

तू नवस फेडायला जाऊ नकोस. गल्लीत सांग. मला ठाऊक आहे, तुझी मान खाली जाईल. वडी घ्यायला येणारी बाई गालात हसेल. न्हावी फोटो उतरवेल, उतरवू दे. मी तिथे येऊन स्वतः सांगायला हवं होतं, पण अजून तेवढी हिंमत नाही. त्याचीही लाज वाटते.

आता आजचं सांगतो आणि थांबतो. दुपारी गावातली माणसं चर्चमागच्या मोकळ्या जागेत खेळत होती. कुणीतरी मला ओळखलं. "अहो, बंब! टाका की एक!" मी नको नको म्हणत होतो. हेरोनिमो गळ्यात हात बांधून दगडावर बसला होता. म्हणाला, "टाक."

मी टाकला. चेंडू सगळ्यांच्या डोक्यावरून सरळ शेळ्यांच्या कळपात गेला. शेळ्या उधळल्या. माणसं पोट धरून हसली. एक म्हातारा म्हणाला, "हा बंब तर भलत्याच घरावर पाणी मारतोय!" माझ्या कानशिलापर्यंत आग पेटली. मी उभा राहिलो. कुणीतरी चेंडू आणून माझ्या हातात दिला आणि खेळ पुढे चालू झाला.

त्या दिवशी मी उतरलो असतो तर एवढंच झालं असतं, ताई. लोक हसले असते, नाही तर ओरडले असते, आम्ही हरलो असतो, आणि संध्याकाळी हेरोनिमो आपला धड हात खिशात घालून घरी गेला असता.

तुझी मान खाली घालायला लावणारा, पण तुझाच,
निकानोर